कुपाटीवरचा वांझ वेल

"आज किती गळाली?" वहिनीने विचारलं. तिच्या विचारण्यात खोच नव्हती, आणि तेच मला जास्त लागलं.

मी मांडवाखाली उकिडवी बसून ओच्यात करटुली वेचत होते. करटुली म्हणायची एवढंच. हरभऱ्याच्या घाट्याएवढी, अंगावर कोवळे काटे, देठाशी पिवळी पडलेली. दोन दिवसांपूर्वी संध्याकाळी उमललेलं फूल टोकाला सुकून चिकटलेलं. बोट लावलं की गळत होती, न लावताही गळत होती.

"कालच्यापेक्षा कमीच," मी म्हणाले. धडधडीत खोटं.

तेवढ्यात दादा बैल घेऊन बांधावरून चालला होता, तो थांबला. गेनूदादा माझा थोरला भाऊ. त्याने माझ्या ओच्याकडे पाहिलं आणि मान फिरवली.

"भामे, कोंबड्यांना टाक ती. कुनाला दावू नगंस."

दादा वाईट नव्हता. वाईट असता तर बरं झालं असतं, त्याच्याशी कडाकडा भांडता तरी आलं असतं. आदल्या वर्षी होळीनंतर मी सासर सोडून माहेरी आले तेव्हा त्याने मला दारात उभं नाही ठेवलं. माझं डावं मनगट वाकडं जुळलेलं होतं, ते हातात घेऊन बघितलं आणि वहिनीला म्हणाला, ताट वाढ. माझा नवरा दगडू दारू पीत नव्हता, हे मुद्दाम सांगते. दारूवर ढकलायची सोय त्याने ठेवलीच नव्हती. शुद्धीत मारायचा.

पंच बसले. दोन्हीकडचे. त्यांनी निकाल दिला तो आमच्याकडच्या रिवाजाला धरून होता: नवऱ्याने बाईला माहेरातून ओढून न्यायचं नाही, पण बाई जर आपल्या पायाने सासरच्या कुपाटीच्या आत आली, तर तंटा मिटला. मग माहेरच्यांनी चकार शब्द काढायचा नाही. कुपाटी म्हणजे घराभोवतीचं काट्यांचं कुंपण. त्यात एक पाऊल आत, म्हणजे सगळं माफ.

वर्षभर दादाने पोसलं. मग या उन्हाळ्यात ओढ्याकडचा वावराचा तुकडा मला दाखवला. "हितं तुज्या पोटापुरतं काढून दाव. दसऱ्यापातुर. न्हाई जमलं तर म्याच तुला पोचवून यीन. चार पोरं हाईत मला, भामे." त्यात खोट काढण्यासारखं काही नव्हतं. दसरा म्हणजे माझी मुदत होती, आणि आता आषाढ अर्धा सरला होता.

करटुल्यांची अक्कल माझीच. श्रावणात आमच्या करंजदऱ्याच्या बायका डोंगरात करटुली तोडायला जातात. बाजारात या रानभाजीची टोपली उतरायच्या आत संपते. मी म्हटलं, रानात भटकायचं कशाला, दारातच लावू. म्हणून आदल्या श्रावणात डोंगरात गेले तेव्हा लगडलेल्या वेलांना जुन्या लुगड्याच्या चिंध्या बांधून आले होते. उन्हाळ्यात चिंध्या हुडकून कंद खणले. जो वेल फळला नव्हता त्याच्याकडे ढुंकूनही पाहिलं नाही. "एकूण एक फळणारा वेल आहे," असं मी वाडीभर सांगत सुटले होते. गर्वाचं घर खाली म्हणतात ते उगीच नाही.

वेल मांडवावर चढले, रोज संध्याकाळी पिवळ्या फुलांनी भरले, प्रत्येक फुलाखाली इवलंसं काटेरी बोंड. आणि रोज सकाळी खाली सडा. राख टाकून झाली, ताक शिंपडून झालं, वहिनीची लिंबू-मिरची टांगून झाली. जेवताना माझा हात थांबायचा.

शेवाळे मॅडम भाताची रोपं बघायला आल्या तेव्हा वहिनीनेच त्यांना माझ्या तुकड्यावर आणलं. कृषी खात्याच्या, नव्यानेच आमच्या भागात आलेल्या. चिखलात चप्पल रुतली की "अगंबाई" म्हणायच्या. संध्याकाळ होत होती, फुलं उघडत होती. त्यांनी एक फूल तोडलं, पाकळ्या मागे सारल्या, नखाने उभं चिरलं. मग दुसरं. मग मांडवाच्या पार दुसऱ्या टोकाला जाऊन तिसरं, चौथं.

"रोग आहे का?" मी विचारलं.

"रोग कसला? फूल धडधाकट आहे. हे बघा, मधे हे स्त्रीकेसर. ह्याच्यात पुंकेसर कुठेच नाहीत, पिवळी भुकटी असते ना ती. अशा फुलाला स्त्रीकेसरी फूल म्हणतात." त्यांनी मांडवावर नजर फिरवली. "सगळा मांडवच स्त्रीकेसरी आहे. भामाबाई, तुम्ही सगळ्या बायकाच आणल्यात की हो!"

"म्हणजे?"

"भोपळ्यात कसं, नर फूल वेगळं, मादी फूल वेगळं, पण दोन्ही एकाच वेलावर. करटुल्याचे वेलच वेगळे. विभक्तलिंगी म्हणतो आम्ही. नराचं घर निराळं, मादीचं निराळं."

"आमच्या भामाताईवानी," वहिनी म्हणाली आणि पदर तोंडाला लावून हसली. मीही हसले. मग एकदम हसू आटलं.

"फळणारे वेल तुम्ही निवडले, आणि फळतात त्या माद्याच," मॅडम म्हणाल्या. "पण रानात त्यांच्या आसपास नर होते, म्हणून फळत होत्या. आठ-दहा वेलांमागे एक नर हवाच. त्याचं फूल तोडायचं आणि मादीच्या फुलावर हलकेच चोळायचं. रानात मिळेल की."

"तो ओळखायचा कसा?"

"सोपं आहे. फुलाखाली बोंड नसतं. फुलतो भरभरून, पण जन्मात फळत नाही."

फुलतो पण फळत नाही. तसल्या वेलाला आमच्याकडे नाव आहे. बायका त्याला वांझ करटुलं म्हणतात. आदल्या भाद्रपदात एक जडीबुटीवाला व्यापारी वाडीत आला होता, त्याला औषधाला वांझ करटुल्याचेच कंद हवे होते. बायकांनी अख्खा डोंगर उकरला. एवीतेवी फळत नाही, मग राहून काय उपयोग? बायका तर बायका, पोरंसोरंसुद्धा कुदळी घेऊन धावली होती.

तरी मी दोन संध्याकाळी डोंगर पालथा घातला. करटुल्याचा वेल झाडीत लांबून दिसतो तो दिवेलागणीला फुलं उघडल्यावर, म्हणजे जायचं तेव्हाच, आणि आमच्या डोंगरात ती वेळ बिबट्याची. हातात काठी, तोंडात देवाचं नाव, पान हललं तरी काळीज तोंडात. वेल सापडायचे. मी वाकून बघायची. फुलाखाली बोंड. पुढचा वेल, बोंड. जिथे पूर्वी वांझ वेल बघितलेले आठवत होते तिथे खड्डे होते, पावसाने भरलेले.

खरं सांगायचं तर एक वेल मला मॅडम बोलत असतानाच आठवला होता. रान तुडवलं ते तो आठवू नये म्हणून.

तो होता माझ्या सासरच्या कुपाटीवर. आंगणाच्या कडेला, आतल्या अंगाने उगवलेला, निवडुंगावर चढलेला. संध्याकाळी त्याचा मंद वास ओटीपर्यंत यायचा. नवी नवरी असताना मी एकदा विळा घेऊन तो कापायला निघाले, तर सासूने, धोंडाबाईने, माझ्या हातातून विळा हिसकावून घेतला होता. "वांझ हाय म्हनून काय झालं? खायाला मागतोय का तुजं? ऱ्हाऊ दे."

धोंडाबाई दगडूची सख्खी आई नव्हे. ती थोरली. तिला मूल झालं नाही म्हणून सासऱ्याने दुसरी केली, ती दगडू दोन वर्षांचा असताना वारली, आणि त्याला वाढवलं हिनेच. मी त्या घरात मार खाल्ला तेव्हा ही बाई चुलीपुढे पाठ करून बसलेली असायची. ना मधे पडली, ना नंतर कधी हळद लावून दिली. माझा दगडूवर राग होता तेवढाच हिच्यावर होता; थोडा जास्तच असेल.

बाजाराच्या दिवशी दगडू तालुक्याला जातो, तो दिवेलागणीशिवाय परतत नाही. मी घरी सांगितलं की मावशीकडे जाते. खिंडीच्या पायवाटेने निघाले. पाऊस थांबून थांबून पडत होता. वाटभर एकच घोकत होते: पाय आत टाकायचा नाही. कुपाटीबाहेर उभं राहायचं, हात लांब करून कळ्या तोडायच्या, ओल्या फडक्यात बांधायच्या आणि सुटायचं. दुपारच्या कळ्या संध्याकाळी घरी उघडतील.

सासरच्या घोडेवाडीत शिरले तेव्हा आंगणं ओस होती, माणसं बाजाराला नाहीतर लावणीला. समोरच्या घराच्या ओट्यावर तेवढे महादूआप्पा सुंभ वळत बसले होते. पंचांतलेच एक. त्यांनी मला पाहिलं, पण ओळख दाखवली नाही. माझं मेलीचं नशीब, म्हटलं.

वेल होता. निवडुंगावरून पार कुपाटीभर पसरलेला, कळ्यांनी भरलेला. मी वाकून एका कळीखाली बोट घातलं. देठ सरळ गेलेला. बोंड नाही. मला रडूच आलं.

"कोन हाय त्ये?"

धोंडाबाई सूप घेऊन ओटीवर आली होती. दीड वर्षात बरीच वाळली होती.

"मी, आत्याबाई. भामा."

तिने सूप ओटीवर ठेवलं. मग म्हणाली, "तितंच उभी ऱ्हा."

बसायला नको, पाणी नको. परक्या बाईलाही माणूस असं म्हणत नाही. मी गिळलं. गरजवंताला अक्कल नसते म्हणतात, मान तर त्याहून नसतो.

"मला या वेलाची फुलं हवीत."

"ह्या वांझ येलाची?" ती आंगणात उतरली. "खुळी का काय? काय करनार त्येचं?"

मी सांगितलं. चिंध्या, कंद, मांडव, रोजचा सडा, मॅडमनी चिरलेलं फूल. तिला काही पटत नव्हतं. मी एक कळी तोडली, उकलून तिच्यापुढे कुपाटीवरून धरली. आत पिवळी भुकटी बोटाला लागली. "ही बघा. ही माझ्या वेलांच्या फुलात नाही. हा वांझ नाही, आत्याबाई. हा नर आहे. ह्याच्याविना डोंगरात एक करटुलं धरत नाही."

तिने कळी हातात घेतली. डोळ्यांजवळ नेली. "नर? म्हंजी ह्यो बाप्या हाय?"

"हो."

"आन् आमी समदी ह्येला वांझ म्हनत आलो?"

"हो."

तिला हसू फुटलं. आधी नाकातून, मग पोटातून. त्या घरात चार वर्षं राहिले, पण तिला हसताना मी कधी बघितलं नव्हतं. तिला दातही कमी आहेत हे तेव्हा कळलं. "अगं माय माय माय! बाप्याला वांझ! आन् त्यो बी गपगुमान ऐकून घेतुया!" हसता हसता ती खाली बसली. मग थांबली. कळी तिच्या मुठीतच होती.

"मला सात वर्सं वांझ म्हनले," ती म्हणाली. "मंग सवत आनली. तिला एक झालं, त्येच्या बी मागून म्हनतच ऱ्हायले. कुनी इचारलं न्हाई का गं, येल कंचा आन् फूल कंचं."

तिच्यावरचा राग कुठे ठेवायचा ते मला कळेना.

ती उठली. "आज फुलं नेशील. उद्या?"

"उद्या परत येईन."

"परवा?"

"रोज येईन. बाहेरूनच तोडीन."

"रोज यीन म्हनती," ती स्वतःशीच बोलली, आत गेली आणि कुदळ घेऊन आली.

"हे काय?"

"मुळासकट ने."

"आत्याबाई, तुमच्याने खणवायचं नाही. मूळ निवडुंगाच्या बुडात आहे. द्या इकडे, मी येते." मी कुपाटीचं दार लोटलं. त्या क्षणी पंच, रिवाज, काही डोक्यात राहिलं नव्हतं. म्हातारी वाकून खणतेय एवढंच दिसत होतं.

"मागं सर!" ती एवढ्यांदा ओरडली की महादूआप्पांनी मान वर केली. "पाय आत टाकू नगंस माज्या आंगनात!"

कानफटात बसल्यासारखी मी मागे झाले. तेवढ्यात पावसाची सर आली, चांगली दणदणीत. मी बाहेर भिजत उभी, ती आत भिजत खणतेय. वळचण चार हातांवर, पण तिने मला बोलावलं नाही. हसली-बोलली तरी सासू ती सासूच, मी म्हटलं. विटाळ होतो तिच्या आंगणाला माझा. लाजेने आणि संतापाने माझे दात वाजत होते. मी खाली मान घालून कळ्या तोडत राहिले आणि फडक्यात भरत राहिले, आणि वाटेकडे कान लावून होते.

तरी तो आला तेव्हा मला कळलं नाही.

"आलीस?" दगडू म्हणाला.

माझ्या अगदी मागे. छत्री, खांद्याला रिकामी पिशवी. ओढ्याला पाणी आलं म्हणून बाजार न करताच परतला होता. चेहऱ्यावर राग नव्हता. तो हसत होता, आणि त्याच्या हसण्याला मी मारापेक्षा जास्त भ्यायची.

"बरं केलंस. चल आत, भिजतीस उगा." त्याने माझं डावं मनगट धरलं. वाकडं तेच. आणि समोरच्या ओट्याकडे हाक दिली, "महादूआप्पा, बघताय न्हवं? आपल्या पायानं आलीया. मिटला का न्हाई तंटा?"

कुपाटीचं दार मीच लोटून उघडं ठेवलेलं. त्याने एक हिसका दिला असता तर मी आत असते, आणि मग कोण कुणाला विचारणार होतं की पाऊल माझं होतं की हिसका त्याचा.

महादूआप्पा ओट्यावरून उतरून आले. "आत व्हती का ही?" त्यांनी विचारलं.

"व्हती तर!" दगडू म्हणाला.

"न्हाई."

धोंडाबाई निवडुंगाच्या बुडातून उठली. गुडघ्यापर्यंत चिखल, हातात कंद. "आत पाय टाकला न्हाई तिनं. म्या टाकू दिला न्हाई. माज्या कुपाटीवरचा वांझ येल म्या तिला द्याया काढला. आल्यापास्नं भाईर उभी हाय, पान्यात." तिने कुदळीने आंगण दाखवलं. "चिखूल वला हाय, आप्पा. तिचं एक पाऊल दावा आत."

आंगण नुकतंच भिजलेलं, मऊ. त्यात पावलं होती ती सगळी म्हातारीची, रुंद, बोटं फाकलेली. ओटीपासून निवडुंगापर्यंत आणि परत. माझी पावलं कुपाटीबाहेर एका जागी इतकी तुडवलेली की तिथे डबकं झालं होतं.

आप्पांनी वाकून दोन्हीकडची पावलं पाहिली. म्हातारी माझ्यावर का ओरडली, पावसात का उभी ठेवली, तितंच उभी ऱ्हा का म्हणाली, ते मला तेव्हा कळलं.

"सोड तिला, दगडू," आप्पा म्हणाले.

"आये, तू कुनाची हायेस?" दगडूने विचारलं. आवाज अजून शांतच.

"हात सोड तिचा."

त्याने सोडला. धोंडाबाईने कंद मातीसकट पोत्यात घातला, वेल गुंडाळून वर ठेवला, आणि गाठोडं कुपाटीवरून माझ्याकडे टाकलं. "ने. आन् परत ह्या कुपाटीला दिसू नगंस."

"आत्याबाई, तुम्ही—"

"त्येचा शेंबूड म्या पुसलाय. माजं म्या बगंन. चालू लाग!"

मी चालू लागले, मग पळत सुटले. खिंडीपर्यंत मागे वळून बघायची हिंमत झाली नाही.

घरी पोचले तेव्हा दिवे लागत होते. फडकं सोडलं. काही कळ्या चेंगरल्या होत्या, पण बाकीच्या माझ्या ओंजळीत उघडत होत्या. मी मांडवाखाली गेले. नर फुलाच्या पाकळ्या मागे मोडायच्या, मादीच्या फुलाच्या मधोमध हलकेच फिरवायचं, आणि देठाला वहिनीच्या डब्यातला तांबडा दोरा बांधायचा, म्हणजे ओळखू येईल. एक-दोन फुलं मोडलीच. दादा बॅटरी घेऊन शोधायला आला.

"मावशीकडं गेल्तीस न्हवं? आन् ह्ये काय चाललंय अंधारात?"

"लगीन लावतेय," मी म्हणाले, आणि रडायला लागले. रडत रडत सगळं सांगितलं. दादा ऐकत होता. फुलं संपेपर्यंत बॅटरी धरून उभा होता.

मग वाट बघायची पाळी. पहिल्या सकाळी दोऱ्याचं काही गळलं नाही, पण फुलल्यावर पहिल्या दिवशी गळतच नाही. दुसऱ्या सकाळी सडा पडला. मी जमिनीवर हात फिरवून एकेक देठ बघत होते, तांबडा दोरा दिसतो का. वहिनी माझ्या मागे येऊन उभी राहिली. दोरा एकाही देठाला नव्हता. मी मान वर केली. दोऱ्याची बोंडं मांडवावरच होती, हिरवीगार.

"धरलं गं बाई," वहिनी म्हणाली आणि तिनेच मला उचलून उभी केली.

धोंडाबाईच्या वेलाची पानं आधी सगळी झडली. मी रोज बोटाने माती उकरून कंद बघायची. आठवड्याभराने कोंब आला, नारळीपौर्णिमेच्या पुढेमागे तो फुलला, आणि भाद्रपदात माझ्या मांडवाला हात घालायला जागा राहिली नाही. दसऱ्याला दादाने नांगर, कुऱ्हाड, विळे पूजेला मांडले आणि मला हाक मारली, "भामे, तुजं खुरपं आन. हितं ठेव." एवढंच. पोचवायचा विषय निघाला नाही.

पण मला एक टोचत होतं. पहिल्या तोडणीतली टोपलीभर करटुली मी कासारणीबरोबर घोडेवाडीला पाठवली होती, ती बांगड्या घेऊन गावोगाव फिरते. टोपली दसऱ्यानंतर परत आली. रिकामी नव्हती, मूठभर नाचणी होती आत.

"म्हातारी बरी आहे ना?" मी विचारलं.

"बरी हाय. निरोप दिलाय तुला. म्हनली, तुटल्या मुळातनं येल परत फुटलाय. आता कुनी वांझ म्हनलं तर वसकन अंगावर जाती. मंग काय म्हनायचं इचारलं, तर म्हनती, नाव ठिवायचंच कशापायी?" कासारीण हसली. "बांगड्या तेवढ्या भरल्या न्हाईत. डावं मनगट सुजलंय. पावसाळ्यात पडली म्हनं."

मी नाचणी डब्यात ओतली आणि दादाला जाऊन सांगितलं. दादाने माझ्याकडे बघितलं, मग माझ्या मनगटाकडे बघितलं, आणि टोपी घातली.

घोडेवाडीत आधी महादूआप्पांना हाक दिली. दगडू ओटीवर होता. दादाला आणि आप्पांना बघून उठला, पण पायरी उतरला नाही. धोंडाबाई आंगण सारवत होती, एकाच हाताने. मी कुपाटीबाहेर उभी राहिले, पूर्वी होते तिथेच.

"आत्याबाई, बाहेर या."

"कशापायी?"

"माझ्याकडे राहायला."

तिने शेणाचा हात पुसला. "लेकाचं घर सोडून सुनंच्या म्हायेरी ऱ्हाऊ? लोक काय म्हनतील?"

"नावं ठेवतील."

ती निवडुंगाकडे गेली. नव्या वेलाचं टोक काट्यात अडकलं होतं, ते सोडवून वर चढवलं. ओटीकडे एकदा बघितलं.

"ठिवू दे," ती म्हणाली, आणि तिने पाय बाहेर टाकला. पाऊस जाऊन महिना झाला होता. कोरड्या मातीत पाऊल उमटलं नाही.